बरडावरच्या दहा चौकटी

अकोल्याहून अंजनगाव सुर्जीकडे निघालेल्या माणसाला एसटीत तीनच कारणं विचारतात : लग्न, मयत, की जमिनीची तारीख. मी खरं ते सांगितलं. "गवत मोजायला चाललो." शेजारच्या गृहस्थांनी आधी माझ्याकडे पाहिलं, मग माझ्या पिशवीकडे, आणि उठून मागच्या बाकावर गेले. पुढचा प्रवास ऐसपैस झाला. ज्यांना एसटीत जागा मिळत नाही त्यांनी हे कारण वापरून पाहावं.

मी अकोल्याचा. वय एक्कावन्न. धरणाच्या पाण्याची पातळी रोज सकाळी वहीत लिहायची, हे काम बावीस वर्षं करतो. पट्टीवर दिसेल तेवढंच लिहायचं, वाटेल तेवढं नाही, एवढी एक अक्कल या नोकरीने दिली. घरी तिची कोणाला गरज पडत नाही. माझी धाकटी मेहुणी मेघा अमरावतीच्या एका कॉलेजात वनस्पतिशास्त्र शिकवते. तिने फोन केला, "भाऊजी, चार दिवस सुट्टी काढा. मला कल्पना नसलेला माणूस पाहिजे. मी म्हणेन ते लिहायचं, आपलं डोकं लावायचं नाही." असं मानाचं आमंत्रण कोण नाकारणार?

पहिला दिवस : अमरावती

पण आधी वाट वाकडी करून अमरावतीला शिकवणी घ्यावी लागली. मेघाच्या घरी कढीत बुडवलेला गिला वडा खाता खाता तिने प्रकरण सांगितलं.

अंजनगावच्या पलीकडे, सातपुड्याच्या पायथ्याशी एक गाव आहे. नाव लिहीत नाही, तिथे मला पुन्हा जेवायला बोलावलं आहे. त्या गावाची ई-क्लास जमीन, म्हणजे सरकारी चराईची जमीन, दोन तुकड्यांत आहे. एक नाल्याकाठचा हिरवागार तुकडा. दुसरा बरड : मुरूम, गोटे आणि त्यांच्या सांदीत जे उगवेल ते. यातल्या एका तुकड्यावर सौर विजेच्या पाट्या बसणार होत्या. दिवसा वीज सगळ्यांनाच हवी, म्हणून विरोध कोणाचाच नव्हता. कोणता तुकडा द्यायचा, एवढंच ठरायचं होतं. सरपंच म्हणत होते, बरड देऊन टाकू, तिथे काहीच नाही.

"आणि गिरजाबाई म्हणते, तिथेच सगळं आहे," मेघा म्हणाली.

गिरजाबाई पावसाळाभर त्या बरडावरून तरोटा, कुंजर, केना, खापरखुटी अशा रानभाज्या खुडून अंजनगावच्या बाजारात विकते. तिच्या चार बकऱ्याही तिथेच चरतात. बरड गेलं तर बाई कायमची दुसऱ्याच्या शेतात निंदायला, म्हणजे तण काढायला, जाणार, आणि बकऱ्या विकणार. मेघाची आणि तिची ओळख बाजारात झाली. मेघा भाजीपेक्षा भाजीचं नावच जास्त विचारते म्हणून गिरजाबाईने तिला एकदा हाकलूनही दिलं होतं. योगायोग असा की गिरजाबाई गावाच्या जैवविविधता समितीची सदस्य निघाली. समितीत बाया लागतात असा नियम आहे, म्हणून तिचं नाव टाकलं होतं. तिला हे सांगायचं मात्र राहून गेलं होतं. तीन वर्षांनी ग्रामसभेची नोटीस घरी आली तेव्हा तिला आपलं पद कळलं, आणि तिने लगेच ते वापरलं : "मोजून घ्या, मंग द्या." चौथ्या दिवशी ग्रामसभा होती.

"पण गावात काय काय उगवतं त्याची समितीकडे नोंदवही असेल की," मी म्हटलं. "प्रत्येक गावाची असते ना?"

मेघाने मोबाइलवर ती दाखवली. छापील, रंगीत, नीटनेटकी. गावातले वृक्ष : नारळ, काजू, फणस. गावातले प्राणी : इतर बऱ्याच मंडळींबरोबर समुद्री कासव. गावापासून समुद्र पाचशे किलोमीटरच्या वर आहे. कासव चिकाटीचं असतं म्हणतात, तरी आकडा मला जास्त वाटला. अकराव्या पानावर भलत्याच गावाचं नाव तसंच राहून गेलं होतं. त्या पानावर सरपंचांची सही होती.

मग पद्धत. मोजणारे सगळी जमीन मोजत नाहीत, हे मला पहिल्यांदा कळलं. एक मीटर बाय एक मीटरची चौकट दोरीने आखायची, तिच्यात प्रत्येक जातीची किती रोपटी आहेत ते लिहायचं. प्रत्येक तुकड्यात अशा दहा चौकटी. मात्र चौकट कुठे टाकायची हे आपण ठरवायचं नाही. जमिनीच्या नकाशावर आकड्यांची जाळी आखायची आणि चिठ्ठ्या काढायच्या. "आपण ठरवलं की हात सुंदर जागेकडे जातो," मेघा म्हणाली.

दुसरी गोष्ट मला फारच पटली. नुसत्या जाती मोजून भागत नाही. डोळे मिटून त्या तुकड्यातून दोन रोपटी उचला. दोन्ही एकाच जातीची निघाली तर ती जमीन गरीब, मग कितीही हिरवी दिसो. वेगवेगळी निघाली तर श्रीमंत. आमच्या सोसायटीच्या सभेला हाच नियम लावून पाहिला. चोवीस माणसं, मत एक.

दुसरा दिवस : गाव, नाला आणि बरड

सरपंच फाट्यावर स्वतः न्यायला आले. पांढरा शर्ट, दोन मोबाइल, वागणं लाघवी. घरी पोहे झाले, चहा झाला, पुन्हा चहा झाला. अकोल्यात पाहुण्याला "चहा घेणार का?" विचारतात आणि नाही म्हटलं की सुटकेचा श्वास सोडतात. इथे विचारतच नाहीत.

सकाळी आधी पक्षी मोजायचे होते. सरळ रेषेत, सावकाश, न बोलता चालायचं आणि दिसेल-ऐकू येईल ते लिहायचं. सरपंच सोबत आले आणि पूर्ण रेषाभर बोलत राहिले. माझ्या वहीत त्या रेषेपुढे एक तितर, दोन होले आणि गावच्या पाणीपुरवठ्याची सगळी माहिती आहे.

मग माझ्या जेवणाच्या डब्यात चिठ्ठ्या टाकून आकडे काढले. सरपंचांना ते आवडलं नाही.

"मॅडम, हे का लॉटरी हाय का? चांगली जागा पाहून टाका न चौकट."

"चांगली जागा पाहायचीच नाही, भाऊ. तेच तर आहे."

"मंग तुमी उद्या म्हनसान, हे चौकट इथं नव्हती, तिथं होती. आमी कोनाले धरावं?"

शंका रास्त होती. मी पट्कन तोडगा काढला : वीसही चौकटींच्या जागा कागदावर लिहू, मेघा आणि सरपंच दोघं सह्या करतील, मग एकही चौकट हलवायची नाही. सरपंच खूश झाले. मीही खूश झालो. मेघा माझ्याकडे जरा बारीक डोळे करून पाहत होती, पण माणूस आपल्या हुशारीवर खूश असला की असे डोळे त्याला दिसत नाहीत.

नाल्याकाठच्या दहा चौकटी दुपारपर्यंत मोजून झाल्या. लांबून डोळे निवतील असा तो हिरवा तुकडा जवळून जवळजवळ सगळा गाजरगवत होता. सहावी चौकट तर शेतात पडली. सरकारी चराईच्या जमिनीत शेत कसं, हे विचारायला मी तोंड उघडलं, तेवढ्यात सरपंचांचा एक मोबाइल वाजला आणि ते दूर गेले. गिरजाबाई तोवर आमच्यात येऊन मिळाली होती. साठीची, काटक, कमरेला विळा.

"कोणाचं आहे हे?" मी विचारलं.

"सरपंचाच्या सायाचं," ती म्हणाली. साया म्हणजे साळा, बायकोचा भाऊ. "चार वर्षं झाले. दरसाली नांगराचे दोन तास सरकून राहिलं. नाला आडवा आला नसता तं अकोल्यापोतर आलं असतं तुमच्या."

मी लिहिलं : चौकट सहा, सोयाबीन, अडतीस रोपं. इतर जाती : शून्य. साळेबुवांनी निंदण उत्तम ठेवलं होतं. सरपंचांना बरडच का द्यायचं होतं, हेही त्या चौकटीत आपोआप मोजलं गेलं.

बरडावर दहा चौकटींच्या खुंट्या ठोकल्या, दोऱ्या बांधल्या, आणि आभाळ भरून आलं. मोजणी उद्यावर टाकली. गिरजाबाईच्या घरी खापरखुटीची भाजी, ज्वारीची भाकर आणि ठेचा जेवलो. ठेच्याने मला दोनदा उठून दारापर्यंत जावं लागलं. ती म्हणाली, "अकोल्याचे लोक नरम." मी हे मत अकोल्याच्या वतीने नोंदवून घेतलं.

तिसरा दिवस : निंदण

सकाळी आठला बरडावर पोहोचलो तर मेघा खुंटीपाशी उभी राहिली आणि खालीच बसली.

पहिली चौकट स्वच्छ होती. दोरीच्या आत एक काडी नव्हती. मुरूम हाताने सारखा केलेला. दुसरी तशीच, तिसरी तशीच. दहाच्या दहा. दोरीच्या बाहेर रान माजलेलं आणि आत देवघरासारखी जमीन.

गिरजाबाई आणि आणखी दोघी बाया सावलीत बसून भाकर खात होत्या. गिरजाबाई हसत उठली.

"पाहा मॅडम, कसे झाले वाफे? सूर्य उगवायच्या आधीच लागलो कामाले."

"हे तुम्ही केलं?"

"मंग कोन? सरपंचानं सांगावा धाडला, मॅडम उद्या येऊन राहिल्या, दोऱ्या बांधल्या तेवढी जागा साफ करा, पंचायतीतून रोजाचे पैसे देतो. अन् मले बी वाटलं, नाल्यावर तं लगेच मोजलं, इथं न मोजताच येवढी दोरी-खुंटी करून गेले बिचारे, त्याच्यात कायचं बियानं टाकनार असतीन. त्यात तन कसं ठेवावं?"

मेघा मोकळ्या मुरमावर हात फिरवत बसली. शेवटी मीच सांगितलं, की बाई, हे तणच मोजायचं होतं. बरडावर काय आहे ते दाखवायला आमच्याकडे या दहाच जागा होत्या, आणि त्या तुम्ही आता कोऱ्या करून ठेवल्या.

गिरजाबाईचा चेहरा उतरला तो मी लिहीत नाही. "मीनंच केलं का मंग?" एवढंच ती म्हणाली, आणि मग अगदी हळू, "माह्याच हातानं?"

"दुसऱ्या जागा घेऊ," मी म्हटलं.

"नाही घेता येत," मेघा म्हणाली. "एकही चौकट हलवायची नाही असा कागद आहे. सही आहे. कोणाची कल्पना होती, भाऊजी?"

सरपंचही आले. त्यांना फार वाईट वाटलं, असं ते तीनदा म्हणाले. "आमच्या गावात पाहुना येनार म्हटलं की जागा साफ करतेत. आमाले का मालूम, सायन्सले कचरा लागते? आता जसं हाय तसं लिहा. शून्य तं शून्य." त्यांचा हेतू काय होता ते मी सांगू शकत नाही. हेतू मोजायची चौकट अजून निघालेली नाही.

मेघा मात्र एकाएकी उठली. "उपटलेलं कुठे टाकलं, गिरजाबाई?"

"कुठी टाकनार? ज्याचं त्याच्या कोपऱ्यावर."

निंदण करणाऱ्या बाया काढलेल्या तणाचा ढीग तिथल्या तिथे ठेवतात, म्हणजे शेतमालकाला काम पुरं झाल्याचं दिसतं. गिरजाबाईने आयुष्यभर तसंच केलं होतं, इथेही केलं. प्रत्येक चौकटीच्या उजव्या कोपऱ्यावर, दोरीबाहेर, मुळांसकट एक ढीग होता. आणि तिचं निंदण असं, की मुळाचा तुकडाही मातीत राहिला नव्हता. मेघा म्हणाली, तिच्या विद्यार्थ्यांनी इतकी पूर्ण मोजणी जन्मात केली नसती. खात्रीसाठी तिने बाजूलाच तीन नव्या चौकटी टाकून मोजल्या. ढिगांशी त्या जुळल्या.

मग दिवसभर पोतं अंथरून आम्ही ढीग मोजले. गिरजाबाई एकेक रोप उचलून नाव सांगायची, मेघा त्याचं शास्त्रीय नाव सांगायची, मी लिहायचो. कुसळी, मारवेल, भुईआवळा, सराटा, विष्णुक्रांत, एकदांडी. एका रोपाला गिरजाबाईने "हे कायचं नाही, नुसतंच हाय" असं नाव दिलं. मेघाला पाच मिनिटं भिंग लावूनही यापेक्षा जास्त सांगता आलं नाही. चौथ्या ढिगात शतावरी निघाली तेव्हा मेघा ओरडलीच. औषधी, मागणीची, कोणालाही कळेल अशी. तिने नावाखाली लाल रेघ ओढली. गिरजाबाई त्या वेळी पाणी आणायला गेली.

नवव्यापाशी पोहोचेपर्यंत तो ढीग उरला नव्हता. कोपऱ्यावर चार लेंड्या होत्या. गिरजाबाईची तांबडी बकरी नमुना क्रमांक नऊ खाऊन समाधानाने रवंथ करत होती.

"शून्य लिहा," सरपंच म्हणाले.

"आजूबाजूच्याचा अंदाज घ्या न, तितकेच असतीन," गिरजाबाई म्हणाली.

मी दोघांचंही ऐकलं नाही. लिहिलं : चौकट नऊ, नोंद उपलब्ध नाही. कारण : बकरी.

संध्याकाळी बेरीज झाली. नाल्याकाठी दहा चौकटींत एकोणीस जाती. डोळे मिटून दोन रोपटी उचलली तर जवळपास निम्म्या वेळा दोन्ही गाजरगवतच. बरडावर नऊच चौकटींत चव्वेचाळीस जाती, आणि दोन उचलली तर दहातल्या नऊ वेळा वेगवेगळी. ज्या तुकड्यावर काहीच नव्हतं, त्याचा हा हिशेब.

चौथा दिवस : ग्रामसभा

सभा शाळेच्या व्हरांड्यात, अकराची होती, म्हणून साडेबाराला सुरू झाली. पुढे पुरुष खुर्च्यांवर, मागे बाया सतरंजीवर. आमच्याकडे सभेला निम्मी माणसं येत नाहीत. इथे निम्मं गाव आलं होतं आणि उरलेलं खिडकीतून पाहत होतं. टेबलाशेजारी ढिगांचं पोतं ठेवलं होतं. नोंदवहीत आमचा तक्ता ग्रामसेवकांनी आधीच उतरवून घेतला होता, पान नवीन, अक्षर सुरेख, एकूण जाती चव्वेचाळीस.

मेघाने दोन रोपटी उचलण्याचं गणित सांगितलं. लोकांना ते लगेच कळलं, मला अमरावतीत दोनदा विचारावं लागलं होतं. मग तिने यादी वाचली. कुसळी-मारवेलला कोणी मान वर केली नाही. "शतावरी" म्हटल्यावर मात्र खुर्च्या हलल्या.

"शतावरी हाय आपल्या बरडावर?" एक म्हातारबुवा म्हणाले. "मंग कायले देऊन राहिले तिथं पाट्या?"

सरपंच खाली पाहत होते. मला वाटलं, जिंकलो. मेघालाही वाटलं असावं, ती शतावरीचे उपयोग सांगू लागली.

तेव्हा मागून आवाज आला. "मॅडम, ते कापा."

गिरजाबाई उभी होती. पदर घट्ट धरलेला.

"काय कापू?"

"शतावरी. ते बरडावरची नाही. काल तुमी नव्या चौकटी मोजत होते तवा नाल्याच्या काट्याच्या वईतून आनली मीनं, अन् चार नंबरात टाकली. नुसत्या गवतानं कोन आयकते आमचं, असं वाटलं."

मेघाचा हात यादीवर तसाच राहिला. सरपंचांचं डोकं मात्र सावकाश वर आलं.

"म्हंजे सगळंच खोटं निघालं न बाप्पा! ढीग ह्या बाईनं केले, नावं हिनं सांगतली, हिच्याच बकऱ्या तिथं. अन् आपन इथं आयकून राहिलो!"

"एक खोटं होतं, ते सांगतलं," गिरजाबाई म्हणाली. "काल या भाऊनं नऊ नंबर अंदाजानं भरला असता तं मी चूप बसली असती. त्यायनं नाही भरला. मंग मले रातभर कसंतरीच होत होतं." मग ती सरळ पुढे आली, पोतं टेबलावर पालथं केलं आणि सरपंचांना म्हणाली, "घ्या. तुमीच उचला. बाकीचं एकेक मले इचारा. चुकलं तं बरड देऊन टाका."

सरपंचांनी एक वाळलेली काडी उचलली.

"कुंजर. गोट्याच्या सावलीत येते, नागपंचमीच्या आधी खुडा लागते."

दुसरी. "भुईआवळा. तुमच्या मायनं कावीयवर घेतला होता, माह्याचकडून."

बायांत हसू फुटलं. तिसरी काडी उचलायच्या आधीच तिकडून दोघीतिघींनी नाव सांगितलं, चौथीला म्हातारबुवांनी. त्यांच्यात नावावरून भांडण लागलं. एक म्हणे हा तरोटाच, दुसरी म्हणे डोळे तपासून घ्या, तरोट्याच्या शेंगा पाहिल्या का कधी. सरपंच अकराव्या काडीपर्यंत टिकले. ती होती "नुसतंच हाय". गिरजाबाई म्हणाली, "याचं नाव मले मालूम नाही. मॅडमले बी नाही." आणि का कोण जाणे, त्याने सभेची उरलीसुरली शंका गेली.

हात वर झाले. बरड प्रस्तावातून वगळलं, नाल्याकाठचा तुकडा द्यायचं ठरलं. सोयाबीन कापेपर्यंत थांबावं, अशी उपसूचना कोणाच्या तरी साळ्याने मांडली आणि तीही मंजूर झाली. गाव उदार आहे.

ग्रामसेवकांनी नोंदवहीतल्या शतावरीवर आडवी रेघ मारली. खालच्या चव्वेचाळिसावर दुसरी रेघ मारून त्रेचाळीस लिहिलं. सुरेख पानाचा विचका झाला म्हणून ते जरा हळहळले.

"खाडाखोडीवर सही लागते," ते म्हणाले. "मॅडम, तुम्ही करा."

"ज्यांनी कापायला लावलं त्या करतील," मेघा म्हणाली.

गिरजाबाईने पेन हातात घेतला, पदराला पुसला आणि बचत गटात शिकलेली सही करायला बसली. एकेक अक्षर वेगळं, मोठं. सगळे थांबले. समासात ती मावली नाही, त्रेचाळिसाच्या पुढची अख्खी ओळ तिने घेतली. उरलेल्या बोटभर जागेत सरपंचांनी आपली सही तिरपी बसवली.